कॅशला असतात

"मिस्टर कुठे असतात?" असं कुणी विचारलं तर मराठी बाई गावाचं नाव सांगत नाही. हळदीकुंकवाला, लग्नाच्या पंगतीत, लेडीज डब्यात, दाताच्या डॉक्टरकडे नंबर लावून बसल्यावर, कुठेही विचारलं तरी तिला कळतं की या 'कुठे'चा जागेशी काही संबंध नाही. "ठाण्याला असतात" असं उत्तर दिलंत तर विचारणारी तशीच तोंडाकडे बघत राहते, कारण तिला अजून काहीच समजलेलं नसतं.

२०१८ च्या डिसेंबरात दादरच्या एका हॉलमध्ये आमच्या बँकेतल्या एका साहेबांच्या निरोपाचा कार्यक्रम होता. सहकुटुंब बोलावणं. जेवणं झाल्यावर साहेबांच्या मिसेस माझ्या शेजारच्या खुर्चीत येऊन बसल्या. मी तेव्हा सीनियर मॅनेजर, म्हणजे स्केल थ्री. त्यांनी साडीचं कौतुक केलं, मुलीची बारावी कशी गेली ते विचारलं, आणि मग ठरलेला प्रश्न आला.

"आमच्याच बँकेत," मी म्हणाले.

"अय्या, हो? कुठल्या स्केलला?"

बँकेबाहेरच्यांसाठी सांगते. स्केल अधिकाऱ्यांना असतो. माझ्या नवऱ्याला स्केल नाही. तो क्लार्क आहे. १९९४ साली आम्ही दोघं एकाच परीक्षेतून, एकाच महिन्यात क्लार्क-कम-कॅशियर म्हणून लागलो. त्याची पोस्ट आजही तीच, फक्त हेड कॅशियर असल्यामुळे वर एक भत्ता मिळतो. एका वाक्यात सांगून होण्यासारखं आहे हे. मी म्हणाले, "ते ॲडमिनिस्ट्रेशन बघतात."

तो माझ्या मागेच उभा होता. दोन्ही हातांत बशा. एकीत माझ्यासाठी दोन गुलाबजाम, पाक निथळून आणलेले, कारण मला पाक चालत नाही. त्याने बशी माझ्या हातात दिली, मिसेसना नमस्कार केला आणि चमचा आणायला गेला.

परतताना कल्याण स्लोला बसायला जागा मिळाली. समोरासमोर. माटुंगा गेलं, शीव गेलं. कुर्ल्याला आल्याच्या गोळ्यावाला चढला आणि विद्याविहारला उतरला. घाटकोपर सुटल्यावर नवरा खिडकीबाहेर बघत म्हणाला, "शाखेत ॲडमिनिस्ट्रेशन कोण बघतं गं आपल्याकडे?"

"अहो, ते आपलं असंच..."

"नाही, मला खरंच माहीत नाही म्हणून विचारलं."

भांडुप येईपर्यंत पुढे एक अक्षर नाही. घरी चपला काढताना मात्र तो हसला. तो हसला म्हणून मला सुटल्यासारखं झालं, आणि सुटल्यासारखं झालं याचा मला नंतर कितीतरी दिवस राग येत राहिला.

(घरी मी त्याला 'अहो'च म्हणते. मनात 'तो' म्हणते. इथे मनातलं लिहितेय.)

त्याच्या कामाची मला लाज वाटते का? प्रामाणिकपणे सांगायचं तर मी त्या कामावरच भाळले होते. लागलो तेव्हा आमचे काउंटर शेजारी शेजारी होते. तेव्हा नोटांच्या गड्ड्यांना पिना मारलेल्या असायच्या. २००१ साली रिझर्व्ह बँकेने पिना मारणं बंद करायला सांगितलं, त्याआधीची गोष्ट. पिन काढायची, गड्डी डाव्या हातात आडवी वाकवायची, उजवा अंगठा स्पंजच्या डबीत बुडवायचा आणि सुरू. शंभर नोटांची एक गड्डी, दहा गड्ड्यांचं एक बंडल. मी मोजायला लागले की साठ-सत्तरच्या आसपास हमखास अडखळायचे आणि पुन्हा पहिल्यापासून. तो समोरच्या गिऱ्हाइकाशी "काय काका, गुडघा कसा आहे" असं बोलत बोलत मोजायचा आणि मध्येच एक नोट अर्धी बाहेर ओढून ठेवायचा. खोटी. "कशी कळली हो?" तर म्हणायचा, "अंगठा अडला." तेव्हा यंत्रं नव्हती. पिना टोचून टोचून त्याच्या उजव्या अंगठ्याला पडलेला घट्टा अजून आहे. रात्री हात हातात घेतला की मला तो आधी लागतो.

आजही त्याच्या पाकिटातल्या सगळ्या नोटांवरचे गांधीजी एकाच दिशेला बघत असतात. भाजीवाल्याने सुटे दिले की हा तिथेच, पिशवी काखेत मारून, नोटा उलटसुलट करून सारख्या लावतो. मागे रांग खोळंबते.

प्रमोशनची परीक्षा आम्ही दोघांनी २००४ साली दिली. दोघंही पास. अधिकारी झालं की पहिली पोस्टिंग मुंबईबाहेर, हे लहान मुलालाही ठाऊक. मुलगी चार वर्षांची, सासूबाईंना साखरेचा त्रास, आणि दोघांनी जायचं म्हणजे घराला कुलूप. मुलाखतीच्या आदल्या आठवड्यात त्याने अर्ज मागे घेतला. मला सांगितलं नंतर. "तू जा. तुला हवंय ते. मला आहे ते पुरतं." मी रडले, मग कपडे भरले. त्याला खरंच पुरत होतं का, हे विचारायला मला पुढची दहा-बारा वर्षं धीर झाला नाही, कारण उत्तर 'नाही' आलं असतं तर मी काय करणार होते? पदावरून खाली तर उतरता येत नाही.

ऑफिसात मात्र याची केवढी चर्चा. "बायकोसाठी प्रमोशन सोडलं." बायका हे डोळे मोठे करून बोलायच्या आणि पुरुष मान हलवून. माझ्या बरोबरीच्या निदान सात-आठ जणींनी तेव्हा आणि नंतर प्रमोशन नाकारलं, नवऱ्याच्या बदल्या, मुलांच्या शाळा, सासूचं आजारपण सांभाळत. त्यांची चर्चा कुणी केल्याचं मला आठवत नाही. त्या 'संसारी' ठरल्या. हा ठरला ताटाखालचं मांजर.

माझी पोस्टिंग गडहिंग्लजच्या पुढच्या एका गावात. महिन्यातून दोन रविवारी रात्री महालक्ष्मी पकडायची, सकाळी कोल्हापूर, तिथून एसटी, आणि साडेदहाला धापा टाकत शाखेत. गावात मी 'मुंबईच्या मॅनेजरबाई'. दूध घालणारा गवळी माझ्यासमोर टोपी काढायचा. इकडे कन्नमवारनगरात नवरा सकाळी सहाला उठून मुलीच्या दोन वेण्या घालत होता, लाल रिबिनींच्या. पहिले काही दिवस वेण्या एक वर, एक खाली. शाळेतल्या बाईंनी वहीत लिहून पाठवलं, 'केस नीट बांधून पाठवणे.' मग त्याने सासूबाईंच्या पाठीमागे बसून सुंभाच्या दोरीवर वेणी घालायचा सराव केला. हे मला सासूबाईंनी सांगितलं, त्याने नाही. सरकारने २०१९ मध्ये वेळेच्या वापराची पाहणी केली. स्वतःच्या घरचं काम करणाऱ्या बायकांची त्यात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं जातात आणि ते करणाऱ्या पुरुषांची ९७, असं निघालं. हे आकडे वाचले तेव्हा मला ती तीन वर्षं आठवली. आमच्याकडे मोजणी झाली असती तर पाहणीवाल्याला वाटलं असतं, रकाने उलटे भरले गेले.

२००५ साली २६ जुलैचा पाऊस आला. मी गडहिंग्लजला, फोन बंद, टीव्हीवर सांताक्रूझचा ९४४ मिलिमीटरचा आकडा. तो शीवच्या शाखेत होता. संध्याकाळी हायवेने चालत निघाला तो पहाटे अडीचला घरी पोचला. छातीएवढ्या पाण्यातून. त्याच्याकडे तिजोरीची चावी होती. बँकेची तिजोरी एका चावीने उघडत नाही. दोन चाव्या लागतात, एक कॅशियरची, दुसरी अधिकाऱ्याची. याला आम्ही जॉइंट कस्टडी म्हणतो. (इथे लिहिणाऱ्याला नवराबायकोबद्दल काहीतरी सुचतंच. मला पण सुचलं होतं. खोडलं.) त्याने चावी दुधाच्या रिकाम्या पिशवीत गुंडाळून, लेंग्याची नाडी कमरेला बांधतात तशी सुतळीने पोटाशी बांधली होती. चौथ्या दिवशी फोन लागला तेव्हा मी विचारलं, "तुम्ही बरे आहात ना?" तर पहिलं वाक्य, "चावी आहे."

आता जरा शब्दांबद्दल. मराठीत डॉक्टरची बायको डॉक्टरीणबाई, मास्तरांची मास्तरीणबाई, पाटलाची पाटलीण. बाईंनी स्टेथोस्कोप हातात धरलेला नसला तरी. नवऱ्याचा हुद्दा बायकोला आपोआप लागतो, कुंकवासारखा. उलट्या दिशेने जायला रस्ताच नाही. पंचायतीत बायकांना आरक्षण आलं आणि २०११ पासून महाराष्ट्रात ते निम्मं झालं, तेव्हा 'सरपंचपती' हा शब्द चलनात आला, पण तो कुचेष्टेचा. मॅनेजरच्या नवऱ्याला काय म्हणायचं? आमच्या भांडुपच्या सोसायटीत खाली नावांची पाटी आहे. कर्ज माझ्या नावावर म्हणून करारात पहिलं नाव माझं, म्हणून पाटीवरही माझंच. मेंटेनन्सचं बिल माझ्या नावाने येतं. वॉचमनला अडचण पडली, मग त्याने तोडगा काढला. तो माझ्या नवऱ्याला 'मॅडम के साहब' म्हणतो.

नवऱ्याने हे मित्रांना हसत हसत सांगितलं. पण त्यानंतर घरी पाहुणे असले की तो मला 'मॅडम' म्हणायला लागला. "मॅडम, चहा टाकू का?" "मॅडमना विचारा, बजेट त्यांच्याकडे." लोक हसायचे, मीही हसायचे. आणि सासूबाईंच्या मोतीबिंदूच्या ऑपरेशनचे पैसे मी भरते म्हटल्यावर मात्र त्याने पतपेढीतून कर्ज काढलं. तेव्हा मॅडमना कुणी विचारलं नाही. हे लिहिते, कारण आत्तापर्यंत वाचून तो संत वाटला असेल. तो संत नाही. तो त्याच्या बापाचा मुलगा आहे.

सासरे गिरणीत सांच्यावर, म्हणजे मागावर होते, लालबागला. मी लग्न होऊन आले तेव्हा ते नव्हते, पण त्यांची ही गोष्ट सासूबाई दर दिवाळीला फराळ करताना सांगायच्या, तळणीवरून नजर न हलवता. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. अडीच लाख कामगार घरी. घरी भोंग्यावर सगळं चालायचं, उठणं, जेवणं, झोपणं. तो भोंगाच बंद झाला. सासूबाई त्याआधी खाणावळ चालवायच्या, एकट्या राहणाऱ्या कामगारांची, अकरा माणसांची. संप लांबला तशी ती माणसं गावी गेली आणि खाणावळही बसली. गिरणगावातल्या अशा बायकांना बँकेचं कर्ज मिळवून द्यायला प्रेमा पुरवांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ काढलं होतं. चाळीतल्या दोघी त्यात गेल्या होत्या. सासूबाईंना सासऱ्यांनी जाऊ दिलं नाही. "बँकेच्या कागदावर घरातल्या बाईचं नाव नको."

मग त्यांनी परळच्या इस्पितळांत गावाकडून आलेल्या पेशंटांच्या नातेवाइकांना डबे द्यायला सुरुवात केली. डबे पोचवायचे कुणी? सासऱ्यांनी. पण कापडी पिशवीत खाली डबे, वर मेथीची जुडी, म्हणजे चाळीतल्यांना वाटावं बाजारातून येतोय किंवा बाजारात चाललाय. सकाळी साडेअकराला, रोज, मेथी घेऊन. चाळीत कोणाला कळलं नसेल? सगळ्यांना कळलं होतं. सगळ्यांच्या घरी काही ना काही मेथीखाली होतं.

आणि शनिवारी रात्री सासरे झोपले की सासूबाई पत्र्याच्या डब्यातून आठवड्याचे पैसे काढायच्या आणि खुंटीवरच्या त्यांच्या सदऱ्याच्या खिशात ठेवायच्या. रविवारी सकाळी सासरे सदरा घालायचे, वाण्याकडे जायचे, खिशातून नोटा काढून बिल चुकतं करायचे. दोघांनी या विषयावर एकमेकांशी कधी शब्द काढला नाही. दीड वर्ष.

लग्न झाल्या झाल्या ही गोष्ट ऐकली तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. केवढं प्रेम, वाटलं. आता तेवढं वाटत नाही. वाण्याच्या वहीत दीड वर्षं सासऱ्यांचंच नाव राहिलं. डबे ज्यांनी रांधले त्यांचं नाव ना वाण्याच्या वहीत आलं ना बँकेच्या कागदावर. आणि मुख्य म्हणजे त्या खिशात ठेवलेल्या नोटा दर रविवारी त्या माणसाला सांगत होत्या, की हो, तू रिकामा आहेस, ही झाकायचीच गोष्ट आहे. सासूबाईंना मी हे एकदा बोलून दाखवलं. त्या करंजी मुरडत म्हणाल्या, "तुला काय करायचं, त्यांना तेवढ्यानं वाण्यासमोर मान वर करता आली." मग दोन करंज्या झाल्यावर म्हणाल्या, "माझ्यासमोर मात्र कधी केली नाही."

दादरच्या हॉलमधून आल्या रात्री मला झोप लागली नाही ती या सदऱ्यामुळे. सासूबाईंनी नवऱ्याच्या खिशात नोटा ठेवल्या, मी शब्द ठेवला, ॲडमिनिस्ट्रेशन. त्यांच्या नोटा निदान खऱ्या होत्या. मी खोटी नोट ठेवली, तीही अशा माणसाच्या खिशात ज्याचा अंगठा अडतो.

नोटाबंदीबद्दल बोलायलाच हवं. ८ नोव्हेंबर २०१६ च्या रात्री आठ वाजता पाचशे आणि हजारच्या नोटा गेल्या, चलनातले किमतीने ८६ टक्के पैसे. नऊ तारखेला बँका बंद, दहाला उघडल्या तेव्हा शटरबाहेर रांग वळणावरून पलीकडे गेलेली. आधी चार हजार बदलून द्यायचे, मग साडेचार हजार, मग बोटाला शाई लावून, मग दोन हजार. नियम सकाळी वेगळा, दुपारी वेगळा. दुसरा शनिवार नाही, रविवार नाही. दोन हजारच्या नव्या गुलाबी नोटा एटीएमच्या ट्रेमध्ये बसत नव्हत्या आणि त्या दिल्या की लोक विचारायचे, सुटे कुठून आणू? मी तेव्हा ठाण्याच्या एका शाखेत मॅनेजर. तो शीवला कॅशवर. रात्री अकराच्या पुढे दोघं घरी यायचो, मुलीने कुकर लावलेला असायचा.

एका रात्री मी जेवताना तावातावाने सांगत होते. माझ्या शाखेतल्या कॅशियरला त्या दिवशी चार हजार शॉर्ट आले होते. कॅश शॉर्ट आली की कॅशियरने स्वतःच्या खिशातून भरायची, हा नियम. मी त्याला सगळ्यांसमोर झापलं होतं. "लक्ष कुठे असतं यांचं? दोन नोटा जास्त जातातच कशा? इतकी वर्षं कॅशवर बसून मोजता येत नाही?" नवरा आमटीत भात कालवत होता. म्हणाला, "थकला असेल गं."

तीन महिन्यांनी इन्कम टॅक्सचे कागद लावताना त्याची पगाराची स्लिप माझ्या हाती आली. पतपेढीचा एक नवा हप्ता कापलेला. कशाचा? आढेवेढे घेत घेत निघालं. त्या नोव्हेंबरात तो तीनदा शॉर्ट आला होता. मिळून चौदा हजार, सात गुलाबी नोटा. बावीस वर्षांत पहिल्यांदा. ज्या रात्री मी आमटीवर बसून त्या कॅशियरला दुसऱ्यांदा झापत होते, त्याच दिवशी त्याने स्वतःच्या सहा हजारांचं व्हाउचर भरलेलं होतं.

"मला का नाही सांगितलंत?"

"कोणाला सांगायचं? बायकोला की मॅनेजरला?"

या वेळी तो हसला नाही. मी त्यावर काय बोलले ते मला आठवत नाही. बहुतेक काहीच नाही. दुसऱ्या दिवशी माझ्या शाखेतल्या त्या कॅशियरला मी केबिनमध्ये बोलावलं आणि सॉरी म्हणाले. तो इतका घाबरला की त्याला वाटलं बदली झाली.

आमच्यातली भांडणं पगारावरून कधी झाली नाहीत, हे सांगितलं तर लोकांना खरं वाटत नाही. पैसा एका खात्यात जातो, दोघं काढतो. भांडणं होतात ती भलत्याच गोष्टींवरून. गाडी कोण चालवणार, लग्नपत्रिकेवर आमचं नाव कसं आलं, माझ्या ऑफिसच्या कार्यक्रमाला तो इस्त्रीचा शर्ट न घालता का आला. "क्लार्कसारखा दिसतोय का?" असं तो एकदा आरशात बघून म्हणाला आणि मी "असं काय बोलता" म्हणत त्याच्या हातात निळा शर्ट दिला. दिलाच ना शेवटी.

गेल्या महिन्यात मुलीला बघायला... नाही, आता तसं म्हणायचं नाही. मुलीने मुलगा स्वतः ठरवलाय, त्याचे आईवडील भेटायला आले. मुलगी बजावून गेली होती, "आई, प्लीज, नॉर्मल बोल." पोहे झाले, चहा झाला. मुलाचे वडील बेस्टमधून रिटायर्ड, बोलायला मोकळे. त्यांनी थेट नवऱ्यालाच विचारलं, "आणि आपण कुठे असता?"

"कॅशला," नवरा म्हणाला. "हिच्याच बँकेत. ही चीफ मॅनेजर आहे."

"म्हणजे मॅडमच्या हाताखाली!" आणि ते मनापासून हसले. त्यात वाईट काही नव्हतं. सगळे हसले, नवराही हसला. माझ्या तोंडून निघून गेलं, "नाही हो, शाखा वेगळ्या आहेत. आणि तिजोरीची एक चावी त्यांच्याकडे असते, त्यांच्याशिवाय शाखेचा मॅनेजरसुद्धा तिजोरी उघडू शकत नाही. २६ जुलैला तर..."

आणि मी ती अख्खी गोष्ट सांगितली. दुधाची पिशवी, सुतळी, छातीएवढं पाणी. पाहुणे "अरे बापरे" म्हणाले. मुलगी माझ्याकडे बघत होती.

ते गेल्यावर मी ओट्यावर कपबशा विसळत होते. नवरा ट्रे घेऊन आत आला.

"चावी कशाला काढलीस मध्येच?"

"का? खोटी आहे का?"

"खरी आहे," तो म्हणाला. "पण त्यांनी विचारली होती का?"

मी नळ मोठा सोडला. त्याने ट्रेमधल्या बशा एकात एक रचल्या, सवयीने मोजल्या आणि म्हणाला, "एक कमी आहे. बाहेर राहिली असेल."